गोड्या पाण्याचा गुन्हा

कळंबखेड, १८ मार्च २०२५

नितेश,

सकाळपासून सात वेळा फोन केला. सातही वेळा वाजून थांबला. म्हणून लिहिते आहे. पोस्टानं पाठवत नाही, कारण यात जे आहे ते तुझ्या पोलीस मुख्यालयात दुसऱ्या कोणाच्या हाती पडलेलं मला चालणार नाही. खुर्शीदबीचा शफीक रोज गॅरेजच्या कामाला अमरावतीला जातो. तो पाकीट तुझ्याच हातात देईल. वाचून जाळून टाक, पण वाच.

आज कोर्टात माझी घागर उघडली.

न्यायाधीशांसमोरच्या टेबलावर ती ठेवली होती. तोंडाला फडकं, फडक्यावर लाख, लाखेवर ठाण्याचा शिक्का. सगळं जागच्या जागी. प्रयोगशाळेच्या माणसानं लाख फोडली, फडकं सोडलं आणि पाण्यात यंत्राची कांडी बुडवली. आकडा पाहिला, कांडी पुसून पुन्हा बुडवली. मग म्हणाला, साहेब, हे पाणी खारं आहे. पाइपलाइनचं हे पाणी नाही, हे आपल्याकडच्या एखाद्या विहिरीचं किंवा बोअरचं आहे.

सरकारी वकिलांचा चेहरा पडला. माझ्या वकील प्राजक्ताताई अकोल्याहून पदरचं भाडं घालून येतात. त्यांनी माझा हात दाबला. खारं पाणी म्हणजे पाइपलाइनचं पाणी चोरलं नाही, आणि चोरलं नाही म्हणजे खटलाच नाही. त्यांना वाटलं, आपण सुटलो.

मी घागरीत पाहत होते. पाण्यावर कडुलिंबाची डहाळी तरंगत होती. भिजून तपकिरी झालेली, चार-पाच पानांची. त्या माणसानं कचरा समजून ती चिमटीत धरली आणि खाली टाकली.

भरल्या घागरीत डहाळी कोण टाकतं, नितेश? सायकलला घागर बांधून बारा किलोमीटरवरून गोडं पाणी आणणारा टाकतो, वाटेत हिंदकळू नये म्हणून. तुझे बाबा तुला दांडीवर बसवून न्यायचे आणि परतताना डहाळी तोडायचं काम तुझं असायचं. अजूनही भरलेलं भांडं दिसलं की तुझा हात आपोआप पाल्याकडे जातो. कॅन भरला तरी तू झाकणाआधी इकडे तिकडे पाहतोस. मी माझी घागर भरली तेव्हा तिच्यात पाला नव्हता. ती भरली तिथंच माझ्यासमोर लाखबंद झाली, मला पाला कशाला लागणार?

मुख्यालयात बदली होईपर्यंत ठाण्यातल्या मुद्देमालाच्या खोलीची किल्ली तुझ्याकडे होती. शिक्काही तिथंच असतो.

तू माझं पाणी बदललंस.

३ फेब्रुवारीला ठाणेदारांनी तुला मुद्दाम यात्रेच्या बंदोबस्तावर पाठवलं होतं. कागदावर तू सगळं वाचलं असशील. कागदावर नाही ते सांगते.

धरणाचं पाणी कारखान्यांच्या वसाहतीकडे नेणारी पाइपलाइन आपल्या गावाच्या पोटातून जाते आणि गावाला तिचा एक नळ नाही. मसणवट्याजवळच्या व्हॉल्व्हमधून थेंब थेंब गळतं. ते जमिनीत मुरलं तर चालतं. माणसानं खाली भांडं धरलं तर गुन्हा, असा हुकूम निघाला. डिसेंबरात खुर्शीदबीला पाच लिटरच्या कॅनसकट धरलं आणि सकाळपासून दिवस मावळेपर्यंत ठाण्यात बसवलं. एकाहत्तर वर्षांची बाई. तिला लघवीला जायची परवानगी मागावी लागली. तू त्या दिवशी ठाण्यात ड्यूटीवर होतास. तुला तिनं चार वर्षं मांडीवर खेळवलं आहे. घरी आल्यावर ती मला एवढंच म्हणाली, "नितेशनं मान वर केली नाही, मैना. बरं झालं. केली असती तर मी रडली असती."

तेव्हा मी ठरवलं. तहसीलदारांना लिहून कळवलं की अमुक दिवशी, अमुक वाजता मी, मैनाबाई महादेवराव गावंडे, त्या व्हॉल्व्हखाली एक घागर भरणार आहे. एकच. पोलीस पाठवा. विपुल आणि त्याच्या टोळीतली पोरं गॅस कटर घेऊन पाइप कापायला निघाली होती. मी त्यांना आडवी आले. पाइप फुटला असता तर पहिला मार पडला असता आपल्या नत्थुजीला, जो पाइपलाइनवर चौकीदार आहे. आणि मग सगळे फुटलेल्या पाइपाकडे पाहत बसले असते. मला त्यांना माझ्याकडे पाहायला लावायचं होतं.

घागर भरायला पावणेदोन तास लागले. थेंबाथेंबानं. सात पोलीस, दोन सरकारी माणसं, निम्मं गाव, सगळे उन्हात उभे. नत्थुजीला तिथं मला अडवण्याचा पगार मिळतो. तोच मला म्हणाला, "वयनी, घागर जरा डावीकडे सरकवा, पाणी वाया जाऊन राह्यलं." हवालदारानं तीनदा घड्याळ पाहिलं. म्हणाला, "मावशी, अजून किती वेळ?" मी म्हटलं, "मले काय विचारता, बाप्पा? धार तुमच्या सरकारची हाय." पोलीससुद्धा हसले. कोणी कोणाला हात लावला नाही. भरल्यावर मी पंचनाम्यावर सही केली, स्वच्छ अक्षरात.

माझ्या आयुष्यातलं ते सगळ्यात सरळ काम होतं. ते तू वाकडं केलंस.

साहेबांनी आज विचारलं, बाई, तुम्हाला काही सांगायचं आहे? मी गप्प राहिले. खरं सांगितलं तर तुझी नोकरी जाते, कदाचित त्याहून जास्त. गप्प राहिले तर सगळा तालुका म्हणेल, म्हातारीनं खारं पाणी भरून नाटक केलं. पुढची तारीख २ एप्रिल आहे.

आई

कळंबखेड, २५ मार्च २०२५

नितेश,

तुला माझ्याकडे यायचं धाडस नाही, म्हणून तू मामाला पाठवलंस. शेषराव अचलपूरहून दोन एसट्या बदलून आला. चहा दिला, तो खाऱ्या पाण्यानं फाटला होता. त्यानं बशीत पाहिलं आणि निमूट प्यायला. माहेरच्या माणसाला असा चहा देताना मला पस्तीस वर्षांनंतरही लाज वाटते.

तो म्हणाला, "ताई, पोरानं तुह्यासाठीच केलं. बाप दवाखान्यात गेला, आता माय जेलात जाईन, हे त्याले पाहवलं नाही. तू दोन तारखेले काई बोलू नको. बस, एवढंच."

मी विचारलं, माझ्या घागरीतल्या गोड्या पाण्याचं त्यानं काय केलं?

शेषरावानं बशी बाजूला ठेवली. मग कळलं. ठाण्याच्या रांजणात ओतलं म्हणे. सगळ्यांनी प्यायलं. ठाणेदार म्हणाले, आज पाणी चांगलं लागून राह्यलं.

मला हसू आलं आणि हसता हसता इतका संताप आला की मी उठून परसात गेले. ज्या पाण्यासाठी माझ्यावर गुन्हा, ते पाणी सरकारनं पिऊन टाकलं, आणि कोणाच्या घशाला कळलं नाही की हा मुद्देमाल आहे.

तू मामाजवळ बोललास की आईनंच मला चोरी करू नको म्हणून शिकवलं. हो, शिकवलं. म्हणून तुला सांगायचा हक्क मलाच आहे. चोर वेळ कळवत नाही. चोर पंचनाम्यावर सही करत नाही. मी दिवसाढवळ्या घेतलं, नाव सांगून घेतलं, शिक्षा द्या म्हणाले. तू कुलूप लावलेल्या खोलीत, कोणी नसताना, शिक्का चोरून वापरलास. आता सांग, आपल्या दोघांत चोरी कोणी केली?

आणि कायदा तो कायदा, सगळ्यांनी मोडला तर काय उरेल, हेही म्हणालास. मी एकोणसाठ वर्षांची आहे. रेशनच्या रांगेत कधी पुढे घुसले नाही. तुझे बाबा गेल्यावर सातबाऱ्यावर नाव चढवायला तलाठ्यानं पाच वेळा परत पाठवलं, सहाव्यांदा गेले, पण चिरीमिरी दिली नाही. मी कायदा मोडणारी बाई नाही. म्हणूनच हा एक मोडायला मला इतका वेळ लागला. आधी अर्ज केले, प्रत्येकाची पोच माझ्याजवळ आहे. ग्रामसभेचे दोन ठराव झाले. उत्तर एकच आलं, की आपला अर्ज योग्य त्या कार्यवाहीसाठी पुढे पाठवला आहे. पुढे म्हणजे कुठे? पुढे ती वसाहत आहे. तिच्या फाटकाशी हिरवळीवर फवारे उडत असतात, मी एसटीच्या खिडकीतून पाहिले आहेत.

हुकूम सगळ्यांना सारखाच लागू आहे, असं ठाणेदार मला समजावत होते. वसाहतीतला कोणता साहेब घागर घेऊन आमच्या मसणवट्यात येणार आहे? ज्यांनी तो हुकूम काढला त्यांच्या घरी तुरीची डाळ दोन दोन तास शिजत ठेवावी लागत नाही. त्यांच्या गल्लीतली माणसं पन्नाशीतच अकोल्याला मशीनवर रक्त धुवायला जात नाहीत. गेल्या सहा वर्षांत कळंबखेडनं चौदा माणसं त्या वाटेनं पाठवली. हुकूम लिहिताना चौदांपैकी एकाच्याही घरी कोणी विचारायला आलं नाही. ज्यांच्यावर कायदा बसवायचा त्यांना विचारायचंही नाही आणि त्यांनी ओरडायचंही नाही, तर मग त्यांनी करायचं काय? मरायचं, तेही हुकमाबाहेर न जाता?

तुला माहीत आहे, मी चौथी शिकलेली. बाकीचं सगळं ग्रामपंचायतीच्या वाचनालयाच्या कपाटातून शिकले. तिथंच वाचलं की आपल्यापासून फार लांब नाही त्या दहीहंड्याला लोकांनी विहिरीच्या खाऱ्या पाण्याचं मीठ काढून इंग्रजांचा कायदा मोडला होता. तेच खारं पाणी, जे आपण पितो. त्यांनी घराच्या मागच्या चुलीवर गुपचूप मीठ केलं असतं तर कोणी धरलं नसतं आणि काही बदललंही नसतं. चार लोकांसमोर केलं, पळाले नाहीत, म्हणून ते मीठ मोजलं गेलं. वाचताना मला वाटलं होतं, ही मोठ्या माणसांची कामं. मग कळलं, ती आपल्यासारखीच शेतकरी माणसं होती, काही तर माझ्याहून कमी शिकलेली.

माझ्या हातात तेवढंच होतं. मी पळाले नाही, एवढंच माझं भांडवल. ते तू रांजणात ओतलंस.

शेषरावाला मी उत्तर दिलं नाही. जेवू घातलं आणि बसमध्ये बसवून दिलं. तुलाही आज उत्तर देत नाही, कारण ते मला अजून सापडलेलं नाही. तू माझा एकुलता एक आहेस. हे लिहायची गरज नाही, तरी लिहिलं.

आई

कळंबखेड, ३१ मार्च २०२५

नितेश,

आज ईद. खुर्शीदबीनं शिरखुर्मा पाठवला. दूध फाटू नये म्हणून शफीकनं अमरावतीहून पाण्याचा कॅन आणला होता. तिची नात नगमा वाटी घेऊन आली आणि दारातच म्हणाली, दादी विचारून राह्यली, परवा कोर्टात काय होईन? मी म्हटलं, दादीले सांग, मलेच माहीत नाही.

आता जे लिहिते आहे ते मी कोणाला सांगितलेलं नाही.

बाबांच्या शेवटच्या उन्हाळ्यात तू भरतीनंतरच्या ट्रेनिंगला होतास. डॉक्टरांनी सांगितलं होतं, पाणी मोजून आणि तेही गोडं. मेमध्ये टँकर चार दिवस आला नाही. सायकल चालवेल असं घरात कोणी नव्हतं. शेजारच्यांकडे मागितलं, त्यांच्याकडेही नव्हतं. तिसऱ्या दिवशी तांब्यात एक पेला गोडं उरलं होतं. त्यातलं अर्धं मी दुसऱ्या दिवसासाठी ठेवलं, उरलेल्या अर्ध्यात विहिरीचं घालून पेला भरला आणि त्यांना दिला.

त्यांनी विचारलं, "गोडं हाय ना?"

मी म्हटलं, "हाय."

तुझ्या बापाला तू ओळखतोस. डोळे मिटून पाणी चाखून ते सांगायचे, हे पाटलाच्या विहिरीचं, हे शाळेच्या हापशीचं. त्यांनी एक घोट घेतला. माझ्याकडे पाहिलं. मग सगळा पेला संपवला आणि म्हणाले, "बरं हाय."

दुसऱ्या दिवशीही तेच केलं. तेच विचारलं त्यांनी आणि मी तेच सांगितलं.

त्या दोन पेल्यांनी ते गेले असं मी म्हणत नाही. डॉक्टर म्हणाले, तसं नसतं, किडनी आधीच गेली होती. मी त्यांच्यावर विश्वास ठेवते, कारण ठेवला नाही तर मला जगता येणार नाही. पण चार वर्षं झाली, मला त्यांचा आजार आठवत नाही, ते पाहणं आठवतं. मी त्यांच्या मायेनं खोटं बोलले. ते माझ्या मायेनं खोटं बोलले. एका खाटेवर दोन माणसं एका पेल्यासाठी एकमेकांशी खोटं बोलत होती आणि आमच्या भिंतीपासून तीनशे पावलांवर गोडं पाणी पाइपातून वाहत जात होतं, हिरवळीसाठी.

माझा राग टँकरवाल्यावर नव्हता. तुझ्यावरही नाही, म्हणजे होता, पण तो या रागातलाच एक तुकडा आहे. त्यांनी आपल्याला नुसतं तहानेलं ठेवलं नाही, नितेश. त्यांनी आपल्याला आपल्याच माणसांशी खोटं बोलायला लावलं. खुर्शीदबीला चोर केलं. तुला मान खाली घालायला लावली, मग कुलूप उघडायला लावलं. असला हुकूम पाळत राहिलं की माणूस हळूहळू आतून लबाड होतो, आणि वरून कायद्याचा दिसतो.

व्हॉल्व्हखाली घागर ठेवली तेव्हा मी मनाशी एकच म्हटलं होतं, की पाण्याबद्दल आता खोटं बोलायचं नाही. कोणासाठीही नाही.

तू मायेनं केलंस हे मला कळतं. मी ज्या मायेनं पेला भरला तीच ती. म्हणूनच तिच्यावर माझा विश्वास उरला नाही.

परवा मी बोलणार आहे. आधी कळवते, जसं तहसीलदारांना कळवलं होतं. तुझं नाव घेणार नाही. पण पाणी गोडं होतं हे सांगणार.

आई

कोर्टाच्या व्हरांड्यातून, २ एप्रिल २०२५, दुपार

नितेश,

आत गेल्यावर पत्रं वाचून बाहेर सोडतात, म्हणून हे इथंच लिहिते आहे. कागद प्राजक्ताताईंचा, पाकीट शफीक आणायला गेला आहे. नेणारी गाडी अजून यायची आहे.

साहेबांनी तेच विचारलं, काही सांगायचं आहे? मी उभी राहिले. म्हटलं, साहेब, मी ३ फेब्रुवारीला पाइपलाइनचं गोडं पाणी भरलं. हुकूम मला माहीत होता. तो अन्यायाचा आहे म्हणून मोडला, चुकून नाही. कोर्टात उघडली त्या घागरीतलं पाणी मी भरलेलं नाही.

प्राजक्ताताई खाली बसल्या. नंतर मला म्हणाल्या, मावशी, मी तुमची वकील आहे की सरकारची? पण रागावल्या नव्हत्या.

साहेबांनी चष्मा काढला. विचारलं, मग गोडं पाणी खारं कसं झालं?

मी म्हटलं, "मी पाहिलं नाही साहेब. माझ्या मनात एक अंदाज आहे, तो मी सांगणार नाही."

"कोर्टानं विचारल्यावर सांगावं लागतं, बाई."

"माहीत हाय. न सांगण्याची जी शिक्षा असन ते बी याच्यातच धरा."

साहेब बराच वेळ लिहीत होते. मग म्हणाले, तुमच्या कबुलीवर दोषी धरतो, दंड भरा किंवा दहा दिवस साधी कैद. मी कैद घेतली. बाहेर बायांची गर्दी होती. आतापर्यंत मागे उभं राहून पाहणाऱ्या एकोणीस जणींनी तहसीलदारांच्या नावे लिहिलेला कागद मला दाखवला. सोळा तारखेला, सकाळी नऊला, प्रत्येकी एक घागर. पहिला अंगठा खुर्शीदबीचा. विपुल कागद लिहून देत बसला होता. त्याला मी सांगितलं, कटर विकून टाक.

हे सगळं तुला कोणी ना कोणी सांगेलच. मी लिहिते आहे ते दुसऱ्याच कारणासाठी.

साहेबांनी निकालात आणखी एक ओळ घातली. मुद्देमालात बदल कसा झाला याची चौकशी करा. ती सोमवारी, सात तारखेला आहे. मुद्देमालाची नोंदवही ज्याच्या ज्याच्या ताब्यात होती त्या सगळ्यांना बोलावलं आहे. तुझ्यानंतर किल्ली घेतली त्या किशोरलाही. त्याला मुलगी होऊन महिना झाला नाही. तो काही जाणत नाही आणि भित्रा आहे. तू गप्प बसलास तर ते त्याच्यावर जाईल.

तू काय बोलावंस ते मी सांगणार नाही. तुझं नाव मी घेतलं नाही, आणि कधीच घेणार नाही, म्हणजे ते घेणारा आता एकटा तूच उरलास. हे मी तुला मदत केली की तुझ्यावर ओझं टाकलं, मला माहीत नाही. दोन्ही असेल.

गाडी आली. मला अमरावतीलाच ठेवणार आहेत, तुझ्या क्वार्टरपासून पायी जाता येईल इतक्या जवळ. भेटीचा दिवस मंगळवार आहे, म्हणजे चौकशीच्या दुसऱ्या दिवशी. साध्या कपड्यांत आलास तर तू बोललास हे मला कळेल, आणि मग आपण पोटभर बोलू, बाबांबद्दलही. वर्दीत आलास तरी मी येईन, जाळीशी उभी राहीन, जेवलास का विचारीन. फक्त मग पाण्याचं नाव काढू नकोस.

आई